जबडा मोडला, छेद कुठून घ्यायचा?

दुचाकी घसरते, हात टेकवायलाही वेळ मिळत नाही आणि हनुवटी थेट रस्त्यावर आपटते. दवाखान्यात जखमेला टाके पडतात, रक्त थांबते, घरचे निर्धास्त होतात. दोन दिवसांनी जेवताना रुग्ण म्हणतो, ‘दात पूर्वीसारखे जुळत नाहीत.’ ही तक्रार कधीही हलक्यात घेऊ नये. हनुवटीवरचा मार हाडातून वर पोहोचतो आणि कानापुढच्या सांध्याखालची जबड्याची बारीक मान मोडते. जखम हनुवटीवर आणि फ्रॅक्चर कानाजवळ, असे बऱ्याचदा घडते.

खालचा जबडा घोड्याच्या नालेसारखा असतो. तो एका बाजूला मोडला, तर दुसऱ्या बाजूलाही मोडलेला असण्याची शक्यता मोठी. म्हणून संपूर्ण जबड्याचा एक्स-रे (ओपीजी) आणि गरजेनुसार सीटी स्कॅन करतात.

पूर्वी वरचे-खालचे दात तारांनी बांधून तोंड चार ते सहा आठवडे बंद ठेवत. रुग्ण तेवढे दिवस पातळ आहारावर. 1970च्या दशकात फ्रान्समधील स्ट्रासबुर्गचे सर्जन मॅक्सिम शाँपी यांनी चावताना जबड्यावर ताण कुठे येतो याचा अभ्यास केला आणि लहान प्लेट नेमक्या त्या रेषेवर तोंडाच्या आतूनच बसवण्याची पद्धत रूढ केली. आज टायटॅनियमच्या प्लेट वापरतात. शस्त्रक्रियेत आधी दात जुळवून घेतात, मग हाड पक्के करतात. दात नीट जुळले, तरच हाड जागेवर आले असे समजायचे.

हनुवटी, जबड्याची बाजू आणि कोपरा इथल्या बहुतेक फ्रॅक्चरपर्यंत ओठाच्या किंवा गालाच्या आतून पोहोचता येते. चेहऱ्यावर व्रण राहत नाही. मात्र उपदाढांच्या मुळांजवळून खालच्या ओठाची संवेदना नेणारी नस बाहेर पडते. ती ताणली गेली, तर ओठ काही आठवडे ते महिने बधिर राहू शकतो.

हाडाचे बारीक तुकडे झाले असतील, किंवा दात नसलेल्या वृद्धाचा जबडा झिजून पातळ झाला असेल, तर बाहेरून छेद घ्यावा लागतो. तो जबड्याच्या कडेखाली साधारण दोन सेंटीमीटरवर घेतात, कारण खालचा ओठ हलवणारी नस कडेजवळूनच जाते. सांध्याजवळच्या फ्रॅक्चरसाठी छेद कानापुढे किंवा जबड्याच्या मागच्या कडेला असतो. तिथे चेहऱ्याच्या स्नायूंना चालवणाऱ्या नसेच्या फांद्या सांभाळाव्या लागतात. त्यांना आलेला कमकुवतपणा बहुधा तात्पुरता असतो, पण धोका आहे.

म्हणूनच सांध्याजवळच्या प्रत्येक फ्रॅक्चरला शस्त्रक्रिया लागत नाही. हाड फारसे सरकले नसेल आणि दात जुळत असतील, तर मऊ आहार, काही दिवस दातांना लवचीक रबर आणि व्यायाम पुरतात. लहान मुलांच्या जबड्यात पक्क्या दातांचे अंकुर असतात, स्क्रूने त्यांना इजा होऊ शकते. त्यामुळे मुलांत शक्यतो चिरफाड टाळतात. पण तोंड उघडण्याचा व्यायाम टाळून चालत नाही. सांधा आखडून हाडाला चिकटला, तर तोंड उघडत नाही आणि त्या बाजूच्या जबड्याची वाढ खुंटते.

हनुवटीवर आपटल्यावर दात न जुळणे, तोंड उघडताना हनुवटी एका बाजूला वळणे, खालचा ओठ बधिर होणे, हिरडीतून रक्त येणे किंवा कानापुढे दुखणे यांपैकी काहीही जाणवले, तर त्याच दिवशी मुख व जबडा शल्यचिकित्सकाला दाखवावे. शस्त्रक्रिया ठरली, तर छेद कुठून, कोणत्या नसेला धोका आणि शस्त्रक्रियेशिवाय पर्याय आहे का, हे तीन प्रश्न विचारावेत. घरी आल्यावर तोंडाची स्वच्छता राखावी आणि तंबाखू पूर्ण बंद करावी. चेहऱ्यावरची जखम भरली, तरी दात जुळतात का, हे तपासायचे राहू देऊ नये.