झाडाला बांधलेला डोळा

डिसेंबर 2024 मध्ये धाराशिव जिल्ह्यात, येडशीजवळच्या रामलिंग घाट अभयारण्यात लावलेल्या कॅमेऱ्यात एक वाघ आला. त्या मुलखात वाघ म्हणजे पणजोबांच्या गोष्टींतला प्राणी. वन विभागाने त्याच्या अंगावरचे पट्टे जुन्या नोंदींशी ताडून पाहिले आणि पत्ता लागला: हा गडी यवतमाळच्या टिपेश्वर अभयारण्यातला! म्हणजे जवळपास साडेचारशे किलोमीटरची पायपीट, तीही शेतं, गावं, महामार्ग ओलांडत. वाटेत त्याला कुणीकुणी पाहिलं असेल कोण जाणे. ओळख पटवली ती मात्र झाडाच्या बुंध्याला आवळून बांधलेल्या, विटेएवढ्या एका पेटीने.

या पेटीला आपल्याकडे ट्रॅप कॅमेरा म्हणतात. तिची खरी गंमत अशी की वाघ समोर उभा राहिला तरी तिला ‘वाघ’ म्हणून काही कळत नाही. तिला कळतो तो फक्त उबेतला फरक.

पेटीच्या पुढच्या बाजूला दुधी प्लास्टिकची एक चकती असते. जवळून पाहिलं तर तिच्यावर बारीक बारीक कप्पे दिसतात. प्रत्येक वस्तूतून तिच्या तापमानानुसार अवरक्त किरण बाहेर पडत असतात. चकतीचे कप्पे समोरच्या जागेची पट्ट्यापट्ट्यांत वाटणी करतात आणि तिथून येणारे किरण आतल्या संवेदकाच्या दोन तुकड्यांवर टाकतात. दोन्ही तुकड्यांवर सारखी ऊब पडते आहे तोवर पेटी ढिम्म. भोवतालापेक्षा गरम असं काही एका पट्ट्यातून दुसऱ्यात सरकलं की तोल बिघडतो, विजेचा इवलासा झटका उठतो आणि निजलेला कॅमेरा जागा होऊन फोटो टिपतो. चांगल्या कॅमेऱ्यात या साऱ्याला अर्धा सेकंदही लागत नाही. एरवी तो जवळजवळ काहीच वीज खात नाही, म्हणूनच साध्या पेन्सिल सेलवर महिना-महिना टिकतो.

एवढं ध्यानात आलं की त्याचे सगळे चमत्कारिक स्वभाव उलगडतात. साप समोरून सरपटत गेला तरी बहुधा फोटो निघत नाही, कारण त्याचं अंग जमिनीइतकंच गरम किंवा गार. चंद्रपूरच्या मे महिन्यात, पारा पंचेचाळिसाला टेकलेला असताना, भर दुपारी चितळही निसटू शकतं. त्याची कातडी आणि मागची तापलेली माती यांत फरकच उरत नाही. उलट उन्हाने तापलेलं गवताचं एक पातं वाऱ्यावर डोलत राहिलं तर कार्डावर शेकडो फोटो येतात आणि सगळ्यांत तेच गवत. म्हणून जाणता माणूस कॅमेरा बांधण्याआधी विळा काढतो. तोंड पूर्व-पश्चिमेला करत नाही, कारण उगवता-मावळता सूर्य थेट भिंगात शिरतो.

उंची साधारण गुडघ्याइतकी, वाटेपासून अंतर तीन-चार मीटर. उदमांजर किंवा साळिंदर हवं असेल तर आणखी खाली. जनावर आडवं गेलं तर संवेदकाला चटकन कळतं, सरळ अंगावर चालून आलं तर उशिरा. पण कॅमेरा वाटेला अगदी काटकोनात लावला की घाईतल्या जनावराची नुसती शेपटीच हाती लागते, म्हणून तो किंचित तिरपा ठेवायचा. मग परीक्षा. स्वतः हातापायांवर रांगत कॅमेऱ्यासमोरून जायचं. गावातली पोरं हसतात, हसू द्यावं. ही परीक्षा टाळणाऱ्याला नंतर महिनाभराचे रिकामे फोटो बघावे लागतात.

एवढं करूनही जंगल आपलं देणं वसूल करतंच. माकडं पेटी उपसून पाहतात, अस्वल चावून बघतं. झाकण उघडावं तर सेलच्या फटीत मुंग्यांनी पांढरीशुभ्र अंडी मांडून ठेवलेली. पावसाळ्यात भिंगावर आतून वाफ धरते. रात्रीच्या फोटोसाठीचे 850 नॅनोमीटरचे दिवे मंद लाल दिसतात, 940 चे नजरेला दिसतच नाहीत, पण त्यांचा पल्ला तोकडा. फुकट काहीच नाही.

ही कल्पना जुनी आहे. अमेरिकेत जॉर्ज शिरास या शिकाऱ्याने बंदूक बाजूला ठेवली आणि वाटेत तार ताणून, रात्री हरणांकडूनच त्यांचे फोटो काढून घेतले. 1906 च्या जुलैत ‘नॅशनल जिऑग्राफिक’ने त्याचे 74 फोटो छापले. आपल्याकडे हीच युक्ती एफ. डब्ल्यू. चॅम्पियन या वनाधिकाऱ्याने शिवालिकच्या पायथ्याच्या जंगलात वाघांवर चालवली. वाघाचा पाय तारेला लागायचा आणि अंधारात लखलखाट व्हायचा. त्याचं पुस्तक आलं 1927 मध्ये. वाघ मारणं ही प्रतिष्ठा समजली जायची त्या काळात.

अमेरिकेत पुढे हा कॅमेरा पुन्हा शिकाऱ्यांकडेच गेला. मोठ्या शिंगांचं हरीण कोणत्या वाटेने, किती वाजता येतं हे घरबसल्या कळू लागलं. मग प्रश्न उठला की ही शिकार म्हणायची की हजेरी घेऊन गोळी घालणं? अ‍ॅरिझोना राज्याने 2022 पासून शिकारीसाठी असे कॅमेरे वापरायला बंदी घातली. माझ्या मते योग्यच केलं. आपल्याकडे 1972 च्या वन्यजीव कायद्याने शिकारच बंद आहे, आणि कॅमेऱ्यात अधूनमधून सापडतो तो चोरटा शिकारी.

भारतात या पेटीचं सर्वांत मोठं काम म्हणजे मोजणी. पूर्वी वाघ पायाच्या ठशांवरून मोजत, त्यात एकच वाघ दोनदा मोजला जाण्याचा धोका होता. उल्लास कारंथ यांनी नव्वदच्या दशकात नागरहोळेत वेगळी वाट धरली. कोणत्याही दोन वाघांचे पट्टे सारखे नसतात, इतकंच काय एकाच वाघाची डावी-उजवी बाजूही जुळत नाही. म्हणून वाटेच्या दोन्ही अंगांना एकेक कॅमेरा. आता समजा, पहिल्या खेपेत 20 वाघ ओळखले. दुसऱ्या खेपेत पुन्हा 20 आले, पण त्यांतले 10 ओळखीचे निघाले. दुसऱ्या खेपेत निम्मे जुने, म्हणजे पहिले 20 हे एकूण वाघांच्या निम्मे असावेत. एकूण अंदाज 40. प्रत्यक्षातलं गणित बरंच किचकट असतं, पण गाभा हाच: न दिसलेले वाघही मोजता येतात!

2018 च्या व्याघ्रगणनेत 26,838 ठिकाणी कॅमेरे लागले आणि साडेतीन कोटींच्या आसपास फोटो निघाले. गिनीज बुकात त्याची नोंद झाली. त्यांत वाघाचे फोटो किती? 76,651. म्हणजे हजारात जेमतेम दोन.

मला मात्र त्याहून जास्त थक्क करतं ते अकोले. अहिल्यानगर जिल्ह्यातला हा उसाचा, दाट वस्तीचा टापू. अभ्यास झाला त्या भागात अभयारण्य नाही, की हरणांचे कळप नाहीत. विद्या अत्रेय आणि सहकाऱ्यांनी तिथे कॅमेरे लावले. 2013 मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या निष्कर्षानुसार, दर शंभर चौरस किलोमीटरला पाचच्या आसपास मोठे बिबटे, आणि जवळजवळ तेवढीच तरसं! माणसं दिवसा ज्या वाटा तुडवतात, त्याच वाटा रात्री त्यांच्या.

तेव्हा वाघाच्या नादाला न लागता सुरुवात आपल्याच बांधावर करावी. ओढ्याकाठी कॅमेरा बांधा आणि किमान दोन आठवडे तिकडे फिरकू नका. कोल्हा, मुंगूस, रानमांजर तरी येईल. नशीब असेल तर वाघाटी, म्हणजे जगातल्या सर्वांत लहान रानमांजरांपैकी एक. अभयारण्यात परवानगीशिवाय कॅमेरा लावता येत नाही. आणि बिबट्या आलाच, तर फोटो गावाच्या नावासकट व्हॉट्सअ‍ॅपवर फिरवू नका. वन विभागाला कळवा. त्यांचा टोल-फ्री क्रमांक 1926 आहे.