गाड्यावर कोण बसणार?

मुलांच्या पुस्तकांतली बकासुराची गोष्ट कशी असते? भीम गाडाभर अन्न खातोय, राक्षस मागून बुक्के मारतोय, शेवटी धप्पकन पडतोय. पोरं हसतात. हसू द्या. पण गोष्टीतलं खरं घर त्यात गायबच असतं.

आम्ही आंजी मोठीचे. वर्ध्याहून नागपूरच्या रस्त्याला लागलं, पवनार, सेलू मागे टाकलं की केळझर येतं. महाभारतातलं एकचक्रानगर ते हेच, असं आमच्याकडे मानतात. त्यामुळे सुट्टीत अंगणात जमणाऱ्या पोरांना मी राक्षसाचा पत्ता रस्त्यासकट सांगते. एसटीतून पाहिलेलं गाव गोष्टीत आलं की सगळी सरसावून बसतात.

मूळ कथेत गावकऱ्यांनी पाळीपाळीने गाडाभर भात, दोन रेडे आणि एक माणूस पाठवायचा असतो. पांडव ज्या ब्राह्मणाकडे उतरलेत, त्याची पाळी येते. तो म्हणतो मी जातो, बायको म्हणते मी, मुलगी म्हणते मीच. तेवढ्यात बोबडं बोलणारं धाकटं पोर गवताची काडी उचलतं आणि म्हणतं, हिनेच मारतो राक्षसाला! रडत्या घरात हसू फुटतं. एवढी गोड जागा नेमकी लहानांच्याच पुस्तकातून का गाळतात, कोण जाणे. आमच्या अंगणात तर भीमापेक्षा हा काडीवाला लाडका.

मग कुंती म्हणते, मला पाच मुलगे, त्यातला एक जाईल. धर्मराजाला ते मुळीच पटत नाही. पण ज्यांनी आसरा दिला त्यांच्या उपकाराची फेड करायची, यावर ती ठाम. इथे एक आठ वर्षांची मुलगी दरवेळी अडते, ‘‘आजी, आई आपल्याच पोराले काहून पाठवते?’’ भीम ताकदवान म्हणून, असं सांगून मोकळं होता येतं. कुंतीचाही तो भरवसा होताच. पण मी विचारते, तू काय केलं असतंस? मग जी भांडणं जुंपतात!

सुनेचं म्हणणं, पोरं रात्री दचकतात. तेही खोटं नाही. म्हणून मारामारी मी दोन वाक्यांत उरकते. चौघांचं ‘मी जातो, मी जाते’ मात्र सावकाश सांगते.

पुढची गोष्ट गिरडची. शेख फरीदबाबांची थट्टा करणाऱ्या व्यापाऱ्यांच्या मालाचे म्हणे दगड झाले, तेच टेकडीवर पडलेत. ‘‘मंग बाबानं त्याहिले माफ केलं का?’’ हा प्रश्न पोरांनी आतापासूनच लावून धरलाय.