जळता चेंडू

ऐका रे पोरांनो. मिट्ट काळोखात काठ्या घेऊन माणसं जळत्या चेंडूमागे धावतात असं सांगितलं, तर तुम्ही म्हणाल, आजोबांनी थाप मारली. पण चीनच्या ईशान्येला नेन नदीच्या खोऱ्यात दाउर नावाचे लोक राहतात आणि 'बेइकुओ' हा त्यांचा पिढीजात खेळ आहे. दिसायला थेट हॉकीच!

आधी काठी बघा. मुळाजवळ आपसूक वाकलेलं ओकचं झाड हुडकायचं आणि त्याची काठी करायची. सरळ फळीतून वाकडी काठी कापून काढली, तर वळणावर लाकडाचे तंतू तुटतात आणि जोराच्या टोल्याला तिथेच चीर जाते. झाड स्वतः वाकतं तेव्हा तंतूही त्याच्याबरोबर वळतात, अखंड राहतात. सुताराच्या आधी झाडानेच निम्मं काम केलेलं असतं.

चेंडू तीन तऱ्हांचे. एक केसांचा, मऊ. एक जर्दाळूच्या मुळाचा, टणक. तिसरा रात्रीचा. आपल्या पोथ्या ज्याच्या सालीवर लिहिल्या त्या भूर्जाचे भाऊबंद तिकडच्या रानात आहेत. त्यांच्या खोडावर एक अळंबी वाढते, लाकूडच खाऊन. वाळली की ती कडक होते. तिला आरपार भोकं पाडायची, आत राळ मुरलेलं पाइनचं लाकूड भरायचं आणि पेटवायचं. अळंबी भडकत नाही, धुमसत राहते. टोला बसला की भोकांतून वारा शिरतो आणि फुंकर घातलेल्या शेगडीसारखा चेंडू लाल होतो. आल्प्सच्या बर्फात १९९१ साली सुमारे ५,३०० वर्षांपूर्वीचा माणूस सापडला, त्याच्याजवळही विस्तव पेटवायला अशी अळंबी होती.

मला खरी मौज वाटते ती राळेची. खोडाला जखम झाली की पाइन राळ सोडतो, कीड आणि बुरशी आत शिरू नये म्हणून. अळंबी म्हणजे बुरशीच की! बुरशीला अडवणारी राळ इथे बुरशीच्याच पोटात जळते.

चीनने १९७० च्या दशकात हॉकी मनावर घेतली, तेव्हा खेळाडू शोधायला ते दाउरांच्या मोरिन दावातच गेले. सप्टेंबर २०२४ मध्ये आशियाई चॅम्पियन्स करंडकही तिथेच झाला. अंतिम सामन्यात भारताने चीनला १-० असं हरवलं.