नियम आणि सिद्धता : महावीराचार्य व ग्रीक गणिती

सोलापूर म्हटले की चादरी आणि कापडगिरण्या आठवतात. गणिताच्या इतिहासाशीही या शहराचा संबंध आहे, हे मात्र फारसे कुणाला माहीत नसते. सोलापूरच्या जैन संस्कृति संरक्षक संघाने आपल्या जीवराज जैन ग्रंथमालेत १९६३ साली ‘गणितसारसंग्रह’ हा ग्रंथ मूळ संस्कृत श्लोक आणि प्रा. लक्ष्मीचंद्र जैन यांचा हिंदी अनुवाद यांसह प्रसिद्ध केला. याच ग्रंथमालेत त्यापूर्वी ‘तिलोयपण्णत्ती’ हा विश्वरचनेवरील प्राकृत ग्रंथ दोन भागांत (१९४३ व १९५१) निघाला होता. त्यातही प्रचंड मोठ्या संख्या आणि भूमितीचे नियम विपुल आहेत.

‘गणितसारसंग्रह’चे कर्ते महावीराचार्य हे इसवी सनाच्या नवव्या शतकातले. ग्रंथाच्या आरंभी त्यांनी राष्ट्रकूट राजा अमोघवर्ष याची स्तुती केली आहे. अमोघवर्षाची राजधानी मान्यखेट, म्हणजे आजचे कलबुर्गी जिल्ह्यातील मळखेड. सोलापूरहून रेल्वेने वाडी जंक्शनला जाऊन सिकंदराबादचा मार्ग धरला की वाटेत मळखेड रोड स्टेशन लागते. थोडक्यात, हे आपल्या शेजारचे गणित आहे. मद्रासच्या एम. रंगाचार्यांनी १९१२ साली या ग्रंथाची संस्कृत संहिता इंग्रजी भाषांतरासह छापली. त्याआधी १९०८ मध्ये रोम येथे भरलेल्या आंतरराष्ट्रीय गणित परिषदेत अमेरिकन इतिहासकार डेव्हिड यूजीन स्मिथ यांनी या ग्रंथाची ओळख करून दिली होती.

आपल्या पाठ्यपुस्तकांतील भूमिती मात्र प्रामुख्याने ग्रीक वळणाची आहे. पक्ष, साध्य, रचना, सिद्धता ही चौकट युक्लिडकडून आली. मग महावीराचार्यांचे गणित आणि ग्रीकांचे गणित यांत नेमका फरक कोणता? ‘सर्व काही ग्रीकांनी शोधले’ आणि ‘सर्व काही आपल्याकडे आधीच होते’ अशी दोन टोकाची उत्तरे नेहमी ऐकू येतात. दोन्ही बाजूला ठेवून काही उदाहरणेच तपासून पाहू.

ग्रीक गणिताची वाटचाल

इजिप्त व बाबिलोनियातील लोकांना जमीन मोजणे, धान्याचे वाटप करणे, व्याज काढणे यांचे नियम ग्रीकांच्या कितीतरी आधी माहीत होते. काटकोन त्रिकोणाच्या बाजूंमधील नाते बाबिलोनियन लेखनिक पायथागोरसच्या हजारभर वर्षे आधी वापरत होते. इ. स. पूर्व सहाव्या शतकातील थेल्सपासून ग्रीकांनी त्यात एका प्रश्नाची भर घातली : हा नियम नेहमीच खरा का असतो?

या प्रश्नाला धार आली ती चौरसाच्या कर्णामुळे. चौरसाची बाजू आणि कर्ण ही दोन्ही पूर्ण संख्येने मोजली जातील असे कोणतेही माप, कितीही लहान घेतले तरी, सापडत नाही. ही गोष्ट मोजपट्टीने कधीच कळणार नाही, कारण मोजपट्टी नेहमी काही तरी जवळचे उत्तर देते. ती केवळ तर्कानेच कळते. डोळ्यांना दिसते त्यावर विसंबून चालत नाही, हा धडा ग्रीक गणितींनी येथे घेतला असावा. इ. स. पूर्व ३०० च्या सुमारास अलेक्झांड्रियात युक्लिडने ‘मूलतत्त्वे’ हा तेरा भागांचा ग्रंथ रचला. त्यात थोडी गृहीतके आधी मांडून बाकी सारे त्यांतून क्रमाने सिद्ध केले आहे.

याची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. ग्रीकांना शून्यासह दशमान स्थानिक किंमतीची पद्धत माहीत नव्हती. ते वर्णमालेतील अक्षरेच अंक म्हणून वापरत. मोठ्या संख्या कशा सांगायच्या हे दाखवण्यासाठी आर्किमिडीजला ‘वाळूचे कण मोजणारा’ हा स्वतंत्र निबंध लिहावा लागला. महावीराचार्य मात्र एकं, दहं पासून महाक्षोभापर्यंत चोवीस स्थानांची नावे सहज देतात. त्यातले शेवटचे स्थान म्हणजे एकावर तेवीस शून्ये.

अपूर्णांकांची एक सुंदर रीत

‘गणितसारसंग्रह’मध्ये नऊ अधिकार व अकराशेहून अधिक श्लोक आहेत. गणित कुठे कुठे लागते याची आरंभीच एक यादी आहे. तीत पाकशास्त्र, वैद्यक, वास्तुविद्या, संगीत, छंद, तर्क सारे काही येते. अपूर्णांकांच्या बेरजेसाठी छेदांचा लसावि वापरण्याची पद्धत येथे स्पष्टपणे दिली आहे. लसाविला ते ‘निरुद्ध’ म्हणतात. एकूण वस्तूंमधून काही वस्तू किती प्रकारे निवडता येतील, याचा सर्वसाधारण नियमही या ग्रंथात आहे.

त्यांची एक रीत वर्गात अवश्य करून पाहावी. एक ही संख्या अंश १ असलेल्या हव्या तितक्या अपूर्णांकांच्या बेरजेच्या रूपात लिहायची आहे. नियम असा : एकापासून सुरुवात करून दर वेळी तीनने गुणत छेद मांडा. मग पहिल्या छेदाला दोनने आणि शेवटच्या छेदाला दोन-तृतीयांशने गुणा. पाच अपूर्णांक हवे असतील तर १, ३, ९, २७, ८१ हे छेद मांडू. पहिला होईल २ आणि शेवटचा ५४. म्हणजे,

१ = १/२ + १/३ + १/९ + १/२७ + १/५४

छेद ५४ घेऊन पडताळा पाहा : २७ + १८ + ६ + २ + १ = ५४. उत्तर बरोबर आले.

पण पाचासाठी बरोबर आले म्हणून पन्नासासाठी येईल का? ग्रंथात नियम आहे, कारण दिलेले नाही. कारण आपण शोधू. १/२ = १/३ + १/६ हे सहज पडताळता येते. याच्या सर्व छेदांना तीनने गुणले तर १/६ = १/९ + १/१८ मिळते, आणखी एकदा गुणले तर १/१८ = १/२७ + १/५४. आता एक म्हणजे १/२ + १/२. त्यातील दुसरा अर्धा फोडला, त्याचा शेवटचा तुकडा पुन्हा फोडला, असे करत गेलो की दर वेळी एक अपूर्णांक वाढतो आणि बेरीज मात्र एकच राहते. नियम पन्नासासाठीच काय, कितीही अपूर्णांकांसाठी खरा आहे. गुणोत्तर श्रेढीची बेरीज युक्लिडच्या नवव्या भागात सिद्धतेसह येते, तिच्या साह्यानेही हे दाखवता येईल. नियम महावीराचार्यांचा आणि सिद्धतेची सवय युक्लिडची, असा दोहोंचा मेळ येथे छान बसतो.

नियम कुठे फसतो?

आता लंबवर्तुळाचे उदाहरण घेऊ. महावीराचार्य त्याला ‘आयतवृत्त’ म्हणतात. त्यांचा सूक्ष्म नियम असा : लांब व्यासाच्या वर्गाची चौपट आणि आखूड व्यासाच्या वर्गाची सहापट यांची बेरीज करून तिचे वर्गमूळ काढले की परीघ मिळतो. परिघाला आखूड व्यासाच्या चौथ्या हिश्शाने गुणले की क्षेत्रफळ मिळते.

दोन्ही व्यास सारखे असले, म्हणजे आकृती वर्तुळ झाली, तर हा नियम π = √१० धरल्याप्रमाणे उत्तर देतो. आखूड व्यास शून्याकडे गेला तर परीघ लांब व्यासाच्या दुप्पट येतो, तोही योग्यच. मधल्या आकृतींचे काय? लांब व्यास ३६ आणि आखूड व्यास १२ घेऊन पाहू. नियमाने परीघ सुमारे ७७.८ येतो, खरा परीघ सुमारे ८०.२ आहे. फरक अवघा तीन टक्के. लंबवर्तुळाच्या परिघाचे साधे नेमके सूत्र आजही नाही, हे लक्षात घेता ही कामगिरी चांगलीच म्हणावी लागेल. क्षेत्रफळ मात्र नियमाने सुमारे २३३ येते आणि खरे क्षेत्रफळ सुमारे ३३९ आहे. जवळजवळ एक-तृतीयांश क्षेत्र गळून पडले!

चूक कोठे झाली? ‘परीघ गुणिले व्यासाचा चौथा हिस्सा’ हे वर्तुळाच्या क्षेत्रफळाचे सूत्र बरोबर आहे. तेच लंबवर्तुळाला लावले गेले. वर्तुळात ते लागू पडते, कारण परिघावरचा प्रत्येक बिंदू केंद्रापासून सारख्या अंतरावर असतो. लंबवर्तुळात तसे नसते. सूत्र का खरे आहे हे मांडलेले असते, तर ते कोठे लागू नाही हेही तिथेच दिसले असते.

हाच प्रश्न आर्किमिडीजने त्यापूर्वी हजारभर वर्षे सोडवला होता. लांब व्यासावर वर्तुळ काढा. लंबवर्तुळाचे क्षेत्रफळ या वर्तुळाच्या क्षेत्रफळाशी त्याच प्रमाणात असते, ज्या प्रमाणात आखूड व्यास लांब व्यासाशी असतो. यातील कल्पना सोपी आहे. ३६ व्यासाचे वर्तुळ उभ्या बारीक पट्ट्यांत कापा आणि प्रत्येक पट्टीची उंची एक-तृतीयांश करा. वर्तुळाचे लंबवर्तुळ होईल आणि प्रत्येक पट्टीप्रमाणेच एकूण क्षेत्रफळही एक-तृतीयांश होईल. वर्तुळाचे क्षेत्रफळ सुमारे १०१८, त्याचा तिसरा हिस्सा ३३९. आर्किमिडीजने ही गोष्ट काटेकोर तर्काने सिद्ध केली.

त्याची π बद्दलची पद्धतही अशीच बोलकी आहे. एकच किंमत सांगून तो थांबला नाही. वर्तुळाच्या आत व बाहेर ९६ बाजूंचे बहुकोन कल्पून π ही किंमत ३ पूर्णांक १०/७१ पेक्षा मोठी आणि ३ पूर्णांक १/७ पेक्षा लहान आहे, असे त्याने दाखवले. दोन्ही बाजूंनी कुंपण घातले की √१०, म्हणजे ३.१६२, ही किंमत कुंपणाबाहेर पडते. त्यासाठी आणखी काही मोजायची गरज उरत नाही. भारतात आर्यभटाने इ. स. ४९९ मध्ये ३.१४१६ ही उत्तम किंमत दिली होती, तरी √१० त्यानंतरही शतकानुशतके वापरात राहिली. दोन किमतींपैकी कोणती स्वीकारायची याचा निवाडा करणारी सिद्धता ग्रंथांत नव्हती, हे त्याचे एक कारण असावे.

शून्य आणि ऋण संख्या

संख्यांच्या बाबतीत चित्र वेगळे दिसते. डायोफँटससारख्या थोर ग्रीक गणितीपुढे चार बरोबर चार ‘क्ष’ अधिक वीस असे समीकरण आले, तेव्हा त्याने ते विसंगत म्हणून सोडून दिले, कारण उत्तर ऋण येते. महावीराचार्य ऋण संख्यांचे नियम देतात आणि पुढे जाऊन सांगतात की ऋण संख्या कुणाचाच वर्ग नसते, म्हणून तिला वर्गमूळ नाही. येथे त्यांनी नियमासोबत कारणही दिले आहे आणि वास्तव संख्यांपुरते ते विधान आजही पूर्ण खरे आहे.

शून्याने भागण्याच्या बाबतीत मात्र ते म्हणतात की संख्या तशीच राहते. ७ ला शून्याने भागून ७ आले असे मानू. भागाकार हा गुणाकाराच्या उलट असतो, म्हणून ७ गुणिले ० बरोबर ७ यायला हवे. पण शून्याने गुणले की शून्य येते हे ते स्वतःच सांगतात. दोन नियम एकमेकांशी ताडून पाहिले तर विसंगती लगेच उघड होते.

आपल्याकडील सिद्धता

यावरून भारतीयांना सिद्धतेची जाणीवच नव्हती असा निष्कर्ष काढणे चूक ठरेल. मूळ ग्रंथ पाठांतरासाठी श्लोकबद्ध असत. उपपत्ती गुरूच्या तोंडून किंवा टीकाग्रंथांतून मिळे. कोकणातील नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी १५४५ मध्ये ‘लीलावती’वर ‘बुद्धिविलासिनी’ ही टीका लिहिली. तीत अनेक नियमांच्या उपपत्ती आहेत. खुद्द भास्कराचार्यांनी ११५० मध्ये पूर्वसूरींच्या एका नियमावर कडक टीका केली. चौकोनाच्या चार बाजूंवरून क्षेत्रफळ काढण्याचा हा नियम ब्रह्मगुप्ताकडे व महावीराचार्यांकडे आहे, पण चौकोनाचे चारही शिरोबिंदू एका वर्तुळावर हवेत ही अट तिथे सांगितलेली नाही. कर्ण दिल्याशिवाय क्षेत्रफळ विचारणाऱ्याला आणि सांगणाऱ्याला भास्कराचार्य चक्क पिशाच म्हणतात.

त्यांचा मुद्दा वर्गात पाच मिनिटांत पटवता येतो. सारख्या लांबीच्या चार काड्या सायकलच्या व्हॉल्व्ह ट्यूबच्या तुकड्यांनी कोपऱ्यांत जोडा. चौरस होईल. आता तो एका बाजूला दाबत जा. बाजू तेवढ्याच राहतात आणि क्षेत्रफळ मात्र घटत घटत शून्यावर येते. मग केवळ बाजूंवरून क्षेत्रफळ कसे सांगणार? त्रिकोणाची चौकट दाबून बदलत नाही. म्हणून त्रिकोणासाठी बाजूंवरून क्षेत्रफळ काढणारे सूत्र चालते. ते अलेक्झांड्रियाच्या हिरॉनने सिद्धतेसह दिले आहे.

शिक्षकांसाठी

हिरॉनचा तो ग्रंथ १८९६ मध्ये इस्तंबूल येथे हस्तलिखिताच्या रूपात सापडला. आर्किमिडीजचा ‘पद्धती’ हा निबंध १९०६ मध्ये त्याच शहरात उजेडात आला. मूळ मजकूर खरवडून त्या चर्मपत्रांवर प्रार्थना लिहिल्या होत्या. ‘गणितसारसंग्रह’ त्यानंतर सहा वर्षांनी छापला गेला. गणिताचा इतिहास असा हस्तलिखिते जपणाऱ्यांच्या आणि ती छापणाऱ्यांच्या आधारावर उभा असतो. सोलापूरच्या ग्रंथमालेचे महत्त्व या दृष्टीनेही मोठे आहे.

‘पद्धती’ या निबंधात आर्किमिडीज आपली सूत्रे तराजूच्या कल्पनेने कशी सुचली ते मोकळेपणाने सांगतो आणि ही सिद्धता नव्हे, ती वेगळी द्यावी लागते, असेही बजावतो. सुचणे आणि सिद्ध करणे या दोन्ही पायऱ्या वर्गात हव्यात. परीक्षेच्या घाईत आपण विद्यार्थ्यांना बहुधा केवळ नियम देतो. मग ते चौकोनाचे सूत्र कोणत्याही चौकोनाला लावतात आणि वर्तुळाचे लंबवर्तुळाला. महावीराचार्यांसारख्या प्रतिभावंतालाही केवळ साम्यावर विसंबून चालले नाही, तर नववीच्या मुलाचे काय चालणार?

म्हणून पुढील घटक शिकवताना एक करून पाहावे. नियम फळ्यावर लिहिल्यावर लगेच उदाहरणे न देता विद्यार्थ्यांना तीन प्रश्न विचारावेत. हा नियम का खरा आहे? तो कोणत्या आकृतीला किंवा संख्येला लागू पडणार नाही? अगदी टोकाची किंमत घातली तर काय होते? एकाची फोड करणाऱ्या रीतीपासून सुरुवात करणे सोयीचे जाईल. सहा अपूर्णांकांसाठी छेद मुलांनाच काढू द्यावेत. ते २, ३, ९, २७, ८१ आणि १६२ येतील. कारणही त्यांनाच शोधू द्यावे.