मास्तरांचं रॉकेट

अंतराळाचा विषय निघाला की लोक थेट रशिया-अमेरिकेच्या शर्यतीवर येतात. मी पडलो गणिताचा मास्तर. मी ही गोष्ट आमच्याच व्यवसायातल्या दोघांपासून सुरू करतो.

पहिले कॉन्स्टान्टिन त्सिओल्कोव्स्की. स्कार्लेट फीव्हरने लहानपणीच ऐकू येणं जवळपास गेलं आणि शाळा सुटली. मॉस्कोच्या ग्रंथालयात बसून ते आपले आपण शिकले, पुढे कालुगा गावी मुलांना गणित शिकवू लागले. 1903 मध्ये त्यांनी रॉकेटचं गणित छापलं. सूत्र बाजूला ठेवू, आकडे पाहा. मागे सुटणाऱ्या वायूचा वेग सेकंदाला 3 किलोमीटर धरा. रॉकेटला तेवढाच वेग हवा असेल, तर इंधनासकट वजन रिकाम्या रॉकेटच्या 2.7 पट लागतं. दुप्पट वेगाला 7.4 पट. तिप्पट वेगाला 20 पट! पृथ्वीभोवती फिरत राहायला सेकंदाला सुमारे 8 किलोमीटर वेग लागतो. हवा आणि गुरुत्वाकर्षण यांची वजावट धरली तर त्याहून जास्त. म्हणजे निदान तिप्पट वेग, आणि 20 टनांतले 19 टन नुसतं इंधन. हे फळ्यावर मांडलं की एखादं पोर विचारतंच, "सर, मग माणूस कुठे बसणार?" वायूचाच वेग वाढवायला हवा, आणि त्यासाठी त्सिओल्कोव्स्कींनी द्रवरूप हायड्रोजन-ऑक्सिजन सुचवले होते.

लेख रशियनमध्ये, त्यामुळे बाहेर त्याची दखल कोणी घेतली नाही.

दुसरे मास्तर हर्मन ओबेर्थ, ट्रान्सिल्व्हानियातले जर्मनभाषक. जन्मले ऑस्ट्रिया-हंगेरीत, पहिल्या महायुद्धानंतर तेच गाव रुमानियात गेलं. हायडेलबर्ग विद्यापीठात त्यांचा रॉकेटवरचा प्रबंध नाकारला गेला. त्यांनी तो 1923 मध्ये पुस्तक म्हणून छापला आणि पुढे शाळेत शिकवत राहिले. त्याआधी 1922 मध्येच त्यांनी अमेरिकेतल्या प्रा. रॉबर्ट गॉडर्ड यांना पत्र लिहून त्यांची रॉकेटवरची पुस्तिका मागवली होती. गॉडर्ड यांनी ती पाठवली, पण ओबेर्थ यांचं पुस्तक आल्यावर आपलंच काम उचललं गेल्याचा संशय गॉडर्ड यांच्या मनात शिरला. तोंडाने मात्र फार न बोलता 16 मार्च 1926 रोजी मॅसॅच्युसेट्समधल्या एका शेतात त्यांनी पेट्रोल आणि द्रवरूप ऑक्सिजनवरचं जगातलं पहिलं रॉकेट उडवलं. अडीच सेकंद, उंची साडेबारा मीटर.

ओबेर्थ यांच्या पुस्तकाची बातमी रशियात पोहोचली तेव्हा त्सिओल्कोव्स्कींनी 1924 मध्ये आपलं जुनं काम पुन्हा छापून घेतलं. भांडण मात्र झालं नाही; पुढे दोघांचा पत्रव्यवहार सुरू झाला.

'रॉकेटचा जनक कोण?' या प्रश्नाला गाइडांमध्ये एकच उत्तर छापलेलं असतं. माझ्या वर्गात तिन्ही नावांना पूर्ण गुण मिळतात.