सागरी महामार्ग आणि घसाऱ्याचा हिशेब

पनवेलहून निघून कन्याकुमारीला जाऊन मिळणारा सुमारे सोळाशे किलोमीटरचा राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ६६ हा भारताच्या पश्चिम किनाऱ्याचा कणा मानला जातो. २०१० मध्ये महामार्गांचे क्रमांक बदलले, त्यापूर्वी पनवेल ते कोचीजवळचे एडापल्ली हा त्याचा भाग सतरा क्रमांकाने ओळखला जाई आणि जुन्या पिढीच्या तोंडी तो अजूनही ‘सतरा नंबर’च आहे. पेण, महाड, चिपळूण, राजापूर, कुडाळ असा कोकण उतरून तो गोव्यात शिरतो आणि पुढे कारवार, उडुपी, मंगळूर, कालिकत, कोल्लम, त्रिवेंद्रम असा चार राज्ये ओलांडून तमिळनाडूत संपतो. त्याला किनाऱ्याचा महामार्ग म्हणण्याचा प्रघात असला, तरी महाराष्ट्रापुरते पाहिले तर या रस्त्यावरून समुद्र क्वचितच दिसतो. याचे कारण कोकणच्या भूगोलात आहे, तसेच ते त्याच्या अर्थव्यवहाराच्या इतिहासातही आहे.

सह्याद्रीतून कोकणात उतरणारी नदी पश्चिमेस धावते आणि समुद्राला मिळण्यापूर्वी तिची खाडी होते. किनाऱ्याने रस्ता काढायचा म्हणजे दर काही कोसांवर एक रुंद खाडी ओलांडणे आले. त्यामुळे दक्षिणोत्तर प्रवासाचा राजमार्ग शतकानुशतके समुद्र हाच राहिला. जमिनीवरच्या वाटा होत्या त्या पूर्व-पश्चिम, म्हणजे बंदरातून घाटाकडे आणि घाटावरून देशावर जाणाऱ्या. जिथपर्यंत भरतीचे पाणी गलबतांना वाहून आणी, तिथे माल उतरे आणि बैलांच्या पाठीवर चढे. महाड, चिपळूण, संगमेश्वर, राजापूर, खारेपाटण ही गावे अशीच वसली. आजचा महामार्ग नेमका या गावांना सांधत जातो, कारण खाडी जिथे अरुंद होते तिथेच पूल बांधणे परवडते. भरतीच्या मर्यादेने ठरविलेली जुन्या व्यापाराची रेषा डांबराने पक्की केली, एवढाच या रस्त्याचा अर्थ.

आगबोटींच्या काळात मुंबईच्या चाकरमान्याला गावी नेणारी वाट पाण्यावरचीच होती, आणि तीही निर्धोक नव्हती. १७ जुलै १९४७ रोजी मुंबईहून रेवसला निघालेली ‘रामदास’ बोट बुडाली आणि सहाशेहून अधिक माणसे गेली. पुढे बोटवाहतूक ओसरली, एस.टी. गावोगाव पोहोचली आणि १९९८ मध्ये कोकण रेल्वे पूर्णपणे सुरू झाली. बंदरे मागे पडली आणि मालासाठी, माणसांसाठी हा रस्ता अपरिहार्य झाला.

रस्ता अपरिहार्य झाला म्हणजे त्यावरचे पूलही अपरिहार्य झाले. या मार्गावरील पुलांचा गेल्या चाळीस वर्षांचा इतिहास काय सांगतो? पणजीचा मांडवीवरील पूल १९७० मध्ये खुला झाला आणि जुलै १९८६ मध्ये, अवघ्या सोळा वर्षांनी, कोसळला. महाडचा सावित्रीवरील दगडी कमानींचा पूल १९२८ चा. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री तो पुरात वाहून गेला आणि दोन एस.टी. गाड्यांसह अनेक प्रवासी नदीत नाहीसे झाले. त्याच वर्षीच्या मे महिन्यात पाहणी होऊन पूल वाहतुकीस योग्य ठरला होता, असे नंतर सांगण्यात आले. जुलै २०२४ मध्ये अंकोल्याजवळ शिरूर येथे रस्त्यालगतचा डोंगर घसरून माणसे गाडली गेली. तीनच आठवड्यांनी कारवारजवळचा काळी नदीवरील १९८३ चा पूल मध्यरात्री खाली आला. या घटनांची कारणे निरनिराळी आहेत, परंतु दगडी पूल अठ्ठ्याऐंशी वर्षे टिकतो आणि त्यानंतरचा सोळा वर्षांत पडतो, तेव्हा प्रश्न केवळ वयाचा राहत नाही.

अर्थशास्त्रात घसारा नावाची एक साधी संकल्पना आहे. कोणतीही भांडवली वस्तू वापरात असताना झिजते आणि त्या झिजेची तरतूद दरवर्षी बाजूला काढली नाही, तर उत्पन्न म्हणून आपण जे खातो ते वस्तुतः भांडवलच असते. कोकणातल्या कुळवाड्याला हे शिकवावे लागत नाही. मृगापूर्वी तो घर शाकारतो, कौले चाळतो, फुटके नळे बदलतो. हातात पैसा नसला तर लग्नाचा खर्च पुढे ढकलतो, पण छप्पर ढकलत नाही. शासनाच्या अंदाजपत्रकात मात्र नेमके उलटे घडते. नव्या पुलाला कोनशिला असते, उद्घाटन असते. जुन्या पुलाच्या दुरुस्तीला यांपैकी काहीच नसते, म्हणून काटकसरीची पहिली कात्री तिच्यावरच चालते. शिवाय खाऱ्या हवेत काँक्रीटमधील लोखंड लवकर गंजते आणि कोकणचा पाऊस पायाखालची माती उकरतो, तेव्हा येथे घसाऱ्याचा दर देशावरच्यापेक्षा अधिक धरला पाहिजे.

यावर असे म्हटले जाईल की पैसा मर्यादित आहे आणि रुंदीकरण आधी व्हायला हवे. रुंदीकरणाची गरज कोणीही नाकारणार नाही. पनवेल ते इंदापूर या पहिल्या टप्प्याचे काम २०११ च्या सुमारास सुरू झाले आणि त्यानंतर गणपतीच्या किती वाऱ्या खड्ड्यांतून झाल्या, हे वाचक जाणतातच. परंतु सावित्रीवरचा नवा पूल वर्षाच्या आत, जून २०१७ मध्ये, रहदारीस खुला झाला, हेही तितकेच खरे. माणसे गेल्यानंतर जी तत्परता सापडते ती त्याआधी सापडत नाही, तेव्हा उणीव पैशाची कमी आणि अग्रक्रमाची अधिक असते. दुरुस्ती टाळून वाचविलेला पैसा खरोखर वाचतही नाही. तो खर्च शासनाच्या वहीतून एस.टी.ने जाणाऱ्या कारकुनाच्या, शिक्षकाच्या, विद्यार्थ्याच्या खात्यावर वर्ग होतो, एवढेच.

हा हिशेब आज मांडण्याचे विशेष कारण आहे. रेवसपासून रेडीपर्यंत खरोखरच समुद्राच्या काठाने जाणाऱ्या सागरी महामार्गाची कल्पना १९८० च्या दशकारंभी, बॅ. अंतुले मुख्यमंत्री असताना, पुढे आली. चार दशके ती बाणकोट, दाभोळ, जयगड अशा खाड्यांच्या काठी अडून राहिली आणि फेरीबोटींनी कसाबसा सांधा जुळविला. आता या खाड्यांवर मोठे पूल उभारण्याचे प्रयत्न होत आहेत. त्यांचे स्वागतच केले पाहिजे, कारण मासळी आणि आंबा वेळेवर बाजारात पोहोचणे व रुग्णाला रात्री खाडीकाठी तिष्ठावे न लागणे या किरकोळ गोष्टी नव्हेत. मात्र प्रत्येक पुलाबरोबर त्याच्या देखभालीचा वेगळा निधी कायद्याने बांधून द्यावा, पावसाळ्यापूर्वी व पावसाळ्यानंतर बाहेरच्या तज्ज्ञांकडून तपासणी व्हावी आणि तिचा अहवाल त्या त्या ग्रामपंचायतीत मराठीत लावावा. तपासणी करणाऱ्याचे नाव व तारीख त्यावर असली, म्हणजे ‘योग्य’ हा शेरा सहजासहजी मारला जाणार नाही.

खाडीने माणसाला हजार वर्षे थांबवून धरले, पण फसविले नाही. भरती-ओहोटीचे तिचे वेळापत्रक तांडेलाला ठाऊक होते. पुलाचे वेळापत्रक प्रवाशाला ठाऊक असण्याचा प्रश्नच नाही. ते ज्यांनी सांभाळायचे, त्यांनी घसाऱ्याची नोंद केली आहे की नाही, हे विचारण्याचा अधिकार मात्र त्याला आहे, आणि तो उद्घाटनाच्या दिवशीच बजावावयास हवा.