गॅस संपत नाही, जाळी तुंबते

मे महिन्यात रत्नागिरीतल्या एसी मेकॅनिकला हमखास येणारा फोन : "गार होत नाहीये, गॅस संपलाय." गॅस बंद नळ्यांतून फिरत असतो, गळती नसेल तर तो संपायचं कारणच नाही. जाणता मेकॅनिक म्हणूनच आधी इनडोअर युनिटचं झाकण उचलून जाळी बाहेर काढतो. तिच्यावर जांभ्याची तांबूस धूळ, कपड्यांचे तंतू आणि स्वयंपाकघर शेजारी असेल तर वरून तेलकट चिकटा.

अभियंता विलिस कॅरियरने १९०२ मध्ये ब्रुकलिनच्या एका छापखान्यासाठी एसीची यंत्रणा आखली, ती माणसांना गारवा मिळावा म्हणून नव्हे, तर दमट हवेने कागद फुगून रंगांची छपाई बिघडत होती म्हणून. कोकणातल्या एसीलाही हवेतला दमटपणा काढण्याचं हेच काम जास्त पडतं. गार कॉइलवर हवेतली वाफ पाणी होऊन ठिबकते. जाळी तुंबली की कॉइलवर हवा कमी पोचते, कॉइलचं तापमान शून्याखाली जातं, बर्फ धरतो. मशीन बंद केल्यावर तो वितळून भिंतीवर ओघळ येतात आणि खापर फुटतं ड्रेन पाइपवर! ओल्या कॉइलवर धूळ बसली की बुरशीचीही सोय होते. एसी लावताच येणारा कुबट वास बहुधा तिचाच.

ही जाळी फुप्फुसांसाठी आहे, हा मात्र गैरसमज. तिची भोकं नुसत्या डोळ्यांना दिसतात; अडीच मायक्रॉनचे कण आरपार जातात. हेपा फिल्टर ०.३ मायक्रॉनचे ९९.९७ टक्के कण अडवतो, पण तो स्प्लिट एसीत कोंबला तर तिथल्या पंख्याला तेवढी हवा ओढता येत नाही.

रोजचा वापर असेल तर दोन आठवड्यांनी जाळी धुवावी. आधी वीज बंद. धुळीची बाजू खाली धरून पाणी मागून सोडावं, नाहीतर धूळ भोकांत आणखी रुतते. गरम पाणी आणि तारेचा ब्रश नको. पावसाळ्यात पंख्याखाली पूर्ण सुकवूनच परत बसवावी. जाळी फाटली तर त्याच मॉडेलची नवी घ्यावी; कडा खाचेत नीट बसल्या नाहीत तर हवा फटीतूनच धूळ घेऊन आत शिरते.

रत्नागिरीत समुद्रालगतच्या मांडवी, भाट्ये भागात बाहेरच्या युनिटचीही काळजी घ्यावी लागते. त्याला जाळी नसते आणि समुद्राचं मीठ थेट ॲल्युमिनियमच्या पात्यांवर बसतं.